गाव सुटल्यावर गाव कसं जपायचं: विस्थापित समाजासाठी कामाचा आराखडा

धरण, युद्ध, भूकंप, खाण, फाळणी, सरकारी हुकूम. कारण कुठलंही असो, जागेवरून उठवलेल्या माणसांना पुढची बरीच वर्षं घर, जमीन आणि पोटापाण्यापलीकडे बघायला फुरसत नसते. आठवणींचं काम ‘नंतर बघू’वर जातं. त्यात गैर काही नाही. डोक्यावरचं छप्पर आधी. अडचण एवढीच की या ‘नंतर’ला मुदत असते. जुन्या जागी ज्यांनी स्वतः संसार केला, शेत कसलं, दुकान चालवलं, ती माणसं हयात आहेत तोवर काम त्यातल्या त्यात सोपं असतं. त्यांच्यानंतर उरते मुलांनी ऐकलेली गोष्ट, आणि तिसऱ्या पिढीपर्यंत तिचं एकच वाक्य होतं: ‘आमचं गाव फार सुंदर होतं.’

या एका वाक्यापासूनच गावाला वाचवायचं आहे. पाणी कुठून यायचं, उधारी कोण द्यायचं, कोणत्या दोन घरांचं एकमेकांशी पटत नसे, शाळेची घंटा म्हणून काय वाजवत, हे कळलं की नातवंडांना ते गाव खरं वाटतं. नुसत्या गौरवाला ती दोन मिनिटांत कंटाळतात. म्हणून पुढच्या प्रत्येक पायरीत तपशिलावर भर आहे, भांडणांसकट.

पायरी १: क्रम ठरवा

बहुतेक ठिकाणी हे काम उलट्या टोकाकडून सुरू होतं. आधी वर्गणी, मग कमान किंवा स्मारक, मग उद्घाटन. तोवर उत्साह संपतो आणि दरम्यान ज्यांना विचारायला हवं होतं ती चार माणसं गेलेली असतात. क्रम असा ठेवा: आधी माणसं, मग कागद आणि फोटो, मग वस्तू, आणि इमारत सगळ्यात शेवटी. इमारत झालीच नाही तरी काही बिघडत नाही.

सुरुवातीलाच कामाची हद्द आखून घ्या. एक गाव, एक मोहल्ला किंवा एक वाडी पुरे. ‘आमच्या समाजाचा संपूर्ण इतिहास’ असं काम कधी संपत नाही, त्यामुळे ते कोणी नीट सुरूही करत नाही.

भाषेचा निर्णयही आत्ताच घ्यायचा. दुसऱ्या महायुद्धानंतर पूर्व युरोपातल्या उद्ध्वस्त ज्यू वस्त्यांमधून वाचलेल्या लोकांनी आपापल्या गावाचे स्मृतिग्रंथ काढले. त्यांना यिझकोर ग्रंथ म्हणतात. न्यूयॉर्क पब्लिक लायब्ररीत असे सुमारे ७०० ग्रंथ आहेत. त्यांत आठवणीतून काढलेले नकाशे, मारल्या गेलेल्यांच्या याद्या, शाळा, धंदे, टोपणनावं असं सगळं आहे. विस्थापित समाजाने स्वतःच्या हिमतीवर केलेलं याहून मोठं काम क्वचितच सापडेल. पण बहुतेक ग्रंथ यिद्दिश आणि हिब्रू भाषेत आहेत, आणि जगभर विखुरलेल्या नातवंडांपैकी अनेकांना त्या भाषा वाचता येत नाहीत. म्हणून पुढे स्वयंसेवकांना भाषांतराचं काम वेगळं उभारावं लागलं आणि ते आजही चालू आहे. यातून घ्यायचं ते एवढंच: मूळ नोंद आपल्या बोलीत ठेवा, पण प्रत्येक नोंदीसोबत नव्या पिढीला वाचता येईल अशा भाषेत पाच-सहा ओळींचा गोषवारा पहिल्या दिवसापासून जोडत चला. मागाहून शेकडो तासांचा गोषवारा लिहायला कोणी बसत नाही.

पायरी २: गट बांधा

पाच-सहा जण पुरतात. एक ऐकणारा, एक यंत्र सांभाळणारा, एक नोंदी ठेवणारा आणि एक असा की ज्याला सगळ्या भावकीत प्रवेश आहे. गटात स्त्रिया नसतील तर अर्धं गाव नोंदलंच जाणार नाही. तसंच जुन्या गावात जी वस्ती वेशीबाहेर होती, ज्यांना मंदिरात, मशिदीत किंवा पाणवठ्यावर मज्जाव होता, त्यांच्यातलं कोणी गटात आहे का, हे बघा. विस्थापनानंतर सगळे एकाच दुःखाचे धनी झाले, असं म्हणणं सोपं असतं. पण जुन्या गावात सगळ्यांचं सुख सारखं नव्हतं, आणि ते लपवलं तर ज्यांनी सोसलं ते पुढच्या बैठकीला येणार नाहीत. ते का येत नाहीत, याचंही मग बाकीच्यांना आश्चर्य वाटतं.

पायरी ३: नकाशा काढा

मुलाखतींच्याही आधी नकाशा. याला एक व्यावहारिक कारण आहे. समोर माईक धरून ‘सांगा’ म्हटलं की माणूस भाषण करतो; समोर नकाशा ठेवला की तो बोलायला लागतो.

दक्षिण आफ्रिकेत केप टाउन शहरातल्या डिस्ट्रिक्ट सिक्स या मिश्र वस्तीला वर्णभेदी सरकारने ११ फेब्रुवारी १९६६ रोजी फक्त गोऱ्यांसाठी राखीव ठरवलं. पुढच्या वर्षांत ६०,०००हून अधिक लोकांना तिथून हुसकावलं आणि घरं पाडली. १९९४ साली तिथल्या एका जुन्या चर्चच्या इमारतीत संग्रहालय उघडलं. त्याच्या जमिनीवर वस्तीचा भला मोठा नकाशा अंथरला आहे. जुने रहिवासी येत, गुडघ्यांवर बसत, आपलं घर शोधत आणि तिथे आपलं नाव लिहीत. गल्ल्यांच्या मूळ पाट्याही तिथे आहेत. पाडकामावरच्याच एका माणसाने त्या इतकी वर्षं जपून ठेवल्या होत्या. शिवाय एक लांबलचक कापड असे. लोक त्यावर आपला निरोप लिहीत आणि मागाहून त्या अक्षरांवर भरतकाम होई. यातल्या कशालाच भारी तंत्रज्ञान लागलं नाही.

तुमच्या बैठकीसाठी चार-पाच मोठे कागद चिकटवून जमिनीवर पसरा. टेबलावर नको, टेबलाशी दोनच माणसं बसतात आणि तीच बोलतात. जाड पेन ठेवा. सुरुवातीला कोणी पुढे येत नाही. मग एखादे आजोबा कशीबशी एक रेघ ओढतात: ही नदी. लगेच मागून आवाज येतो, ‘अहो, नदी एवढी सरळ कुठे होती?’ आणि काम मार्गी लागतं. नदी, रस्ता, टेकडी असं न हलणारं आधी येऊ द्या. मग प्रार्थनास्थळं, शाळा, विहिरी, स्मशान किंवा कब्रस्तान. मग घरं, प्रत्येक घरावर कुटुंबप्रमुखाचं नाव नको, त्या घराला गाव ज्या नावाने ओळखत असे ते नाव. शेवटी वाटा: पाण्याची वाट, सरपणाची वाट, मुलांची चोरवाट, रात्री जिथून कोणी जात नसे ती वाट.

विहीर झाडाच्या पूर्वेला होती की पश्चिमेला, यावर दोघांचं जुंपलं तर मिटवायला जाऊ नका. दोन्ही खुणा करा आणि कोण काय म्हणालं ते बाजूला लिहा. कदाचित दोघे वेगवेगळ्या काळातल्या विहिरींबद्दल बोलत असतील. बायकांची बैठक वेगळी घ्या, कागदही नवा घ्या. पुरुषांच्या नकाशात चावडी आणि रस्ते ठळक येतात. बायकांच्या नकाशात परसं, पाणवठे आणि कुणाच्या घरात मागच्या दाराने जाता येई ते येतं. दोन्ही नकाशे ठेवायचे, एकात एक मिसळायचे नाहीत. प्रत्येक टप्प्यावर उभं राहून वरून फोटो काढा, कारण कागद पुढे गिचमिड होत जातो.

हाताने काढलेला नकाशा झाला की मगच छापील आणि उपग्रहाच्या नकाशांकडे वळा. आधी ते दाखवले तर लोक स्वतःच्या आठवणीवर भरवसा ठेवणं सोडतात. भूमापन खात्याचे जुने नकाशे, जमीन मोजणीचे नकाशे आणि नगररचनेचे आराखडे मागून बघा. एक कमी माहीत असलेला साठा आहे: अमेरिकेच्या कोरोना नावाच्या हेरगिरी उपग्रहांनी १९६० ते १९७२ या काळात जगाच्या फार मोठ्या भागाची छायाचित्रं घेतली. ती १९९५ साली खुली झाली आणि अमेरिकेच्या भूगर्भ सर्वेक्षण खात्याच्या संकेतस्थळावर शोधता येतात. तुमचं गाव या काळानंतर पाण्याखाली गेलं किंवा पाडलं गेलं असेल, तर त्याचं रूप तिथे सापडू शकतं. लँडसॅट या अमेरिकेच्याच भूनिरीक्षण उपग्रहांची चित्रं १९७२पासूनची आहेत आणि फुकट मिळतात. त्यांत घरं दिसत नाहीत. नदीचं पात्र, शेतं आणि जंगल मात्र कळतं.

नकाशासोबत निदान काही घरांचे आतले आराखडेही करा. नाईल नदीवर आस्वानचं मोठं धरण झालं तेव्हा, १९६३-६४मध्ये, इजिप्तमधल्या सुमारे ५०,००० नुबियन लोकांना कोम ओंबो भागात हलवलं. त्याच सुमारास अबू सिंबेलची मंदिरं कापून, दगडांना क्रमांक देऊन, वर उंचावर जशीच्या तशी पुन्हा उभी केली गेली. नदीकाठच्या प्रशस्त अंगणाच्या आणि स्त्रियांनी हाताने रंगवलेल्या मातीच्या घरांच्या वाट्याला असे क्रमांक आले नाहीत. लोकांना मिळाली ती नदीपासून दूर, रांगेतली काँक्रीटची घरं. म्हणून तुमच्या घरांना क्रमांक तुम्हीच द्या. ‘दारातून चुलीपर्यंत किती पावलं?’ असं विचारलं की माणूस उठून चालून दाखवतो. ती पावलं मोजा, आराखडा कागदावर उतरवा. निजायची जागा, पाहुण्याची जागा, बाळंतिणीची जागा, धान्याची जागा, सगळं त्यात लिहा.

पायरी ४: मुलाखती घ्या

पहिल्या महायुद्धानंतर ग्रीस आणि तुर्कस्तान यांनी १९२३ साली लोकसंख्येची सक्तीची अदलाबदल केली. आशिया मायनरमधून, म्हणजे आजच्या तुर्कस्तानातून, सुमारे १२ लाख ऑर्थोडॉक्स ख्रिस्ती ग्रीसमध्ये आले. मेल्पो मर्लिये या संगीताच्या अभ्यासक बाईंनी १९३०मध्ये या निर्वासितांची गाणी ध्वनिमुद्रित करायला घेतली. पण गाणं ज्या गावातून आलं ते गावच नोंदलं नाही तर गाण्याचा अर्थ अर्धा राहील, हे लक्षात आलं आणि काम गावोगावच्या मुलाखतींपर्यंत वाढलं. पुढच्या काही दशकांत सुमारे ५,००० निर्वासितांशी बोलून झालं. अथेन्समधलं आशिया मायनर अभ्यास केंद्र त्यातूनच उभं राहिलं. तिथल्या नोंदी वस्तीनुसार लावल्या आहेत, आणि मला ही मांडणी सगळ्यात शहाणपणाची वाटते. व्यक्तीनुसार लावलेल्या मुलाखतींत शोधणाऱ्याला गाव तुकड्यातुकड्याने गोळा करावं लागतं.

वयाने सर्वांत मोठे आणि तब्येतीने सर्वांत नाजूक, त्यांच्यापासून सुरुवात करा. जो उत्तम बोलतो त्याच्यापासून नव्हे. तो पुढच्या वर्षीही असाच बोलेल.

यंत्रसामग्री साधी चालते. साधा मोबाइलही पुरेल, मात्र तो विमान-मोडवर ठेवा, बोलणाऱ्याच्या छातीपासून हातभर अंतरावर ठेवा आणि जमलं तर कॉलरला लावायचा माईक घ्या. ध्वनिमुद्रण वेव्ह (WAV) स्वरूपात करता येत असेल तर तेच करा, कारण एमपीथ्रीमध्ये आवाजाचा काही भाग कायमचा गळतो. पंखा बंद, टीव्ही बंद, प्रेशर कुकरची वेळ टाळा. सुरुवातीला तारीख, जागा, बोलणाऱ्याचं नाव, जुन्या गावाचं नाव आणि ऐकणाऱ्याचं नाव आवाजातच बोलून घ्या. फाईलचं नाव बदललं, हरवलं, तरी ही ओळ आतच राहते.

प्रश्नांवर बराच वेळ घालवा. ‘तुमच्या गावाबद्दल सांगा’ या प्रश्नाला ठरावीक उत्तर येतं. त्याऐवजी: सकाळी दार उघडलं की समोर काय दिसायचं? अंधार पडल्यावर उजेड कसला असायचा? आजारी पडलं तर आधी कोणाकडे नेत? कोणाला सगळे घाबरत? नवी सून घरात आली की पहिले दिवस तिला काय काम द्यायचे? लहान मुलांना कशाने धाक घालत? तुम्ही पहिल्यांदा पैसे कमावले ते कशाचे? सामान बांधताना काय मागे ठेवलं? या शेवटच्या प्रश्नाला घाईने हात घालू नका. तो दुसऱ्या किंवा तिसऱ्या भेटीचा प्रश्न आहे.

बायका सुरुवातीला हमखास म्हणतात, ‘मला काय कळतंय, ह्यांना विचारा.’ ह्यांना नंतर विचारा, आणि शक्यतो ह्यांना खोलीत बसवू नका. लग्न होऊन त्या गावात आलेल्या स्त्रीला ते गाव बाहेरच्या नजरेने दिसलेलं असतं. जन्मापासून तिथे असलेल्यांना जे सांगण्याजोगंच वाटत नाही ते ती सांगते. ‘मावशी, आलात त्या दिवशी काय वेगळं वाटलं?’ एवढ्यावर तासभर निघतो.

सन चुकलं, घटना मागेपुढे झाली तरी मध्येच दुरुस्त करू नका. माणसाला ते कसं आठवतं, हीच इथे नोंद आहे; सनाचा मेळ नंतर कागदांवरून घालता येतो. गप्प बसण्याची सवय करा. बोलणारा थांबला की आपण लगेच पुढचा प्रश्न टाकतो आणि येऊ घातलेली गोष्ट आत जाते.

काही आठवणी हिंसेच्या असतात. जाळपोळ, बलात्कार, मुलं हातातून सुटणं. या गोष्टी उकरून काढायचा अधिकार आपल्याला नाही. स्वतःहून आलं तर ऐकायचं, यंत्र बंद करू का असं विचारायचं, आणि निघताना घरात कोणीतरी सोबत आहे याची खात्री करायची. दुसऱ्या दिवशी फोन करून चौकशी करा. बोललेलं मागे घ्यायचा हक्क त्यांना कायम आहे, हे मुलाखतीआधी आणि नंतर दोन्ही वेळा सांगा. संमती कागदावर घ्या, सही जमत नसेल तर आवाजात. त्यात तीन गोष्टी वेगवेगळ्या विचारा: ठेवू का, समाजात ऐकवू का, सगळ्यांसाठी खुलं करू का. अनेक जण पहिल्या दोन्हींना हो आणि तिसरीला नाही म्हणतात.

पायरी ५: बोली, गाणी, नावं

इथे एक मोठा सापळा आहे: लिपीचा वाद. फाळणीनंतर भारतात आलेल्या सिंधी समाजाला स्वतःचं राज्य नव्हतं. सिंधीला घटनेच्या आठव्या अनुसूचीत, म्हणजे मान्यताप्राप्त भाषांच्या यादीत, जागा मिळाली ती १९६७ साली. भाषा अरबी वळणाच्या लिपीत लिहायची की देवनागरीत, हा वाद मात्र दीर्घकाळ चालला, आणि दरम्यान मुलं ज्या शाळेत गेली तिथली भाषा बोलायला लागली. दोन्ही बाजूंची भूमिका समजण्यासारखी आहे. पण तुमच्याकडे असा वाद असेल तर त्याच्या निकालासाठी थांबू नका. आवाज मुद्रित करा. तो कुठल्याही लिपीत नंतर उतरवता येईल.

शब्द गोळा करताना शब्दकोशाच्या क्रमाने जाऊ नका, कामाच्या क्रमाने जा. नांगरणी, विणकाम, मासेमारी, स्वयंपाक, गुरांची दुखणी, पावसाचे प्रकार, शिव्या. हो, शिव्यासुद्धा, बोलीचा ठसका तिथेच असतो. अवजारांचे शब्द अवजार हातात देऊन विचारा. कामाची गाणीही काम करतानाच आठवतात. खुर्चीत बसवून ‘दळणाचं गाणं म्हणा’ म्हटलं तर आजी दोन ओळींत अडकते. जात्याचा खुंटा हाती दिला की पुढच्या ओळी आपोआप येतात, आणि लयही खरी येते.

ठिकाणांच्या नावांची यादी वेगळी करा: शेतांची, ओढ्याच्या डोहांची, वळणांची, एकट्या झाडांची नावं. सरकारी नकाशात ती बहुधा नसतात, आणि नवे मालक सगळ्यात आधी नावंच बदलतात. १८ मे १९४४ रोजी सोव्हिएत सरकारने क्रिमियातल्या तातारांना हद्दपार करायला सुरुवात केली. सुमारे १,९०,००० माणसं मालगाड्यांत कोंबून मध्य आशियाकडे पाठवली गेली आणि पाठोपाठ त्यांच्या शेकडो गावांना रशियन नावं दिली गेली. १९८०च्या दशकाच्या अखेरीस लोक परतू लागले तेव्हा नकाशावर त्यांची गावं त्यांच्या नावाने नव्हती. जुनी नावं टिकली ती घरात उच्चारली गेल्यामुळे.

पायरी ६: कागद, फोटो, वस्तू

घरोघरी जाऊन मागायचं ते: जमिनीचे उतारे, विस्थापनाच्या नोटिसा, भरपाईच्या पावत्या, शाळेचे दाखले, लग्नपत्रिका, पत्रं, वह्या, कॅसेट. मूळ कागद मालकाकडेच राहू द्या. स्कॅनर घेऊन तुम्ही जा, काम त्यांच्या समोर करा आणि प्रत लगेच द्या. ‘दोन दिवसांत परत करतो’ म्हणून नेलेल्या कागदामुळे नात्यात कायमची तेढ येते.

कागदपत्रं ३०० डीपीआयवर, फोटो ६०० डीपीआयवर (स्कॅन किती बारीक घ्यायचा, तो आकडा), टिफ (TIFF) फाईलच्या स्वरूपात. फोटोची मागची बाजूही स्कॅन करा. तिथे बहुतेकदा स्टुडिओचा शिक्का किंवा कुणाचं तरी नाव असतं. फोटोतल्या माणसांची नावं डावीकडून उजवीकडे विचारून लिहा, आणि अनोळखी चेहऱ्याला ‘अनोळखी’ असंच लिहा; अंदाजाने नाव घातलं की ते पुढे खरंच ठरतं. जुने कागद लॅमिनेट करू नका, चिकटपट्टी लावू नका, स्टेपलच्या गंजक्या पिना हळूच काढा. पीव्हीसीच्या पिशव्या फोटो खराब करतात; आम्लरहित कागदाची पाकिटं चांगली. कॅसेटची चुंबकीय फीत वर्षागणिक झिजते, तेव्हा डिजिटल करायच्या यादीत कॅसेट सगळ्यात वर.

वस्तूंबाबत थोडक्यात: सगळं गोळा करू नका, ठेवणार कुठे? फोटो काढा, मापं घ्या, वापरून दाखवतानाचा व्हिडिओ करा आणि वस्तू त्या घरातच राहू द्या.

पायरी ७: साठवण

कंटाळवाणी पायरी, आणि बहुतेक संग्रह इथेच मरतात. प्रत्येक फाईलच्या तीन प्रती, दोन वेगवेगळ्या प्रकारच्या साधनांवर, आणि त्यांतली एक वेगळ्या गावात. एकाच कपाटातल्या तीन हार्ड डिस्क म्हणजे एकच प्रत समजा. विस्थापित समाज बहुधा दूरदूर विखुरलेला असतो. इथे त्या विखुरण्याचा फायदा घ्या. डिस्क दर वर्षी ठरलेल्या दिवशी उघडून बघायची आणि काही वर्षांनी बदलायची, हे एका माणसाच्या नावावर लिहून ठेवा. फक्त व्हॉट्सअॅप गटावर किंवा फेसबुकवर असलेलं साहित्य साठवलेलं धरू नका. तिथे फोटोंचा दर्जा घसरतो, आणि गट बंद पडला की सगळं गेलं.

फाईलच्या नावाला एकच पद्धत लावा: आधी वर्ष, मग महिना, दिवस, मग क्रमांक. उदाहरणार्थ, २०२५-०३-१४_मु०१७_भाग२. बाकीची माहिती तक्त्यात ठेवा: कोण, कुठलं, काय बोललं, कोणत्या मिनिटाला कोणता विषय, संमती कुठपर्यंत. तक्त्याची छापील प्रतही ठेवा. मिनिटांची नोंद सोडू नका. तिच्याशिवाय दोन तासांची मुलाखत पुन्हा कोणी उघडत नाही.

पायरी ८: काय उघडं, काय झाकलेलं

सगळं इंटरनेटवर टाकणं म्हणजे जपणं नव्हे. पवित्र जागा, अंत्यविधी, औषधी वनस्पती, जमिनीचे वाद, अजून जुन्या प्रदेशात राहणाऱ्या नातेवाइकांची नावं, यांतलं काहीही उघडं पडलं तर कुणाला तरी भोगावं लागतं. ऑस्ट्रेलियात टेनंट क्रीक इथल्या वारुमुंगू या आदिवासी समाजासोबत काम करताना मुकुर्तू नावाची मुक्त संगणकप्रणाली तयार झाली. कोणती गोष्ट कुटुंबापुरती, कोणती फक्त स्त्रियांसाठी, कोणती सगळ्यांसाठी, हे त्या समाजाचे स्वतःचेच नियम त्या प्रणालीत घालता येतात. तुम्ही ती वापरा किंवा साधा तक्ता वापरा, पण ‘कोणाला दिसावं’ हा रकाना असू द्या.

पायरी ९: वापरात आणा

कपाटातला संग्रह आणि चालू जगणं यांचा संबंध राहायला हवा. १७९७मध्ये ब्रिटिशांनी आफ्रिकी आणि स्थानिक आदिवासी अशा मिश्र वंशाच्या गारिफुना लोकांना कॅरिबियनमधल्या सेंट व्हिन्सेंट बेटावरून हाकलून होंडुरासजवळच्या रोआतान बेटावर सोडलं. त्यांचे वंशज आज मध्य अमेरिकेच्या किनाऱ्यावर पसरले आहेत. बेलीझमध्ये दरवर्षी १९ नोव्हेंबरला ते पूर्वजांचं होड्यांतून येणं पुन्हा घडवतात: पहाटे होड्या किनाऱ्याला लागतात, ढोल वाजतात, मुलं होडीत असतात. मुलं होडीत असतात हे महत्त्वाचं, प्रेक्षकांत नसतात. गारिफुनांची भाषा, नृत्य आणि संगीत यांना युनेस्कोने २००१ साली मानवजातीचा मौखिक आणि अमूर्त वारसा म्हणून मान्यता दिली.

तुमच्या गावाचा एक दिवस ठरवा. शक्य असेल तर दुःखाचा दिवस आणि आनंदाचा दिवस वेगळे ठेवा. क्रिमियन तातार १८ मे पाळतात आणि तो शोकाचाच दिवस आहे, तसाच असावा. पण ज्या समाजाकडे फक्त शोकाचा दिवस उरतो, तिथली मुलं त्यापासून लांब पळतात. दुसरा दिवस जेवणाचा, खेळाचा, भांडून जिंकायच्या स्पर्धांचा ठेवा. जुन्या गावातले मुलांचे खेळ नियमांसकट लिहून काढा आणि खेळायला लावा. पाककृती चव घेत लिहा: ‘अंदाजाने मीठ’ म्हणजे किती, ते आजीच्या मुठीतून वाटीत ओतून मोजा. नव्या जागी एखादा जिन्नस मिळत नसेल तर बदली काय वापरलं, तेही लिहा, कारण तो बदलही तुमच्या इतिहासात मोडतो.

मुलांना श्रोते न करता कामाला लावा. बारा-तेरा वर्षांच्या मुलीला माईक द्या आणि आजीला प्रश्न विचारू द्या. आजी जे मोठ्यांना सांगत नाही ते नातीला सांगते, शिवाय नात बिनधास्त विचारते: ‘मग तू पळून का नाही गेलीस?’

पायरी १०: जुन्या जागी जाऊन येणं

सगळ्यांना शक्य नसतं. सीमा बंद असते, जागा दुसऱ्यांच्या ताब्यात असते, कधी सुरुंग पेरलेले असतात. अशा वेळी हट्ट नको. पाण्याखाली गेलेली गावं मात्र कधीकधी डोकं वर काढतात. उजनी जलाशयातलं पळसदेवचं जुनं मंदिर पाणी ओसरलं की उघडं पडतं, आणि जुन्या माणसांसोबत खुणा शोधायची तीच वेळ असते. जीपीएस घ्या, प्रत्येक खुणेपाशी थांबून नोंद करा आणि चारही दिशांना फोटो काढा. गाळ फसवा असतो, काठी आणि दोर सोबत ठेवा. वृद्धांना नेण्याआधी डॉक्टरांना विचारा, आणि ज्यांना यायचं नाही त्यांना आग्रह करू नका. तिथे सध्या कोणी राहत असेल तर आधी निरोप पाठवा. त्यांनाही भीती असते की हे घर मागायला आले. वाटेतलं बोलणं मुद्रित करत राहा. जागेवर पोचल्यावर लोक बहुधा गप्प होतात.

पायरी ११: पुढे कोणाकडे

गट दमतो, संस्थापक म्हातारे होतात. म्हणून काम ऐन रंगात असतानाच एखाद्या विद्यापीठाशी, ग्रंथालयाशी किंवा अभिलेखागाराशी बोला. हिमाचल प्रदेशातल्या धर्मशाला शहरात तिबेटी ग्रंथ आणि अभिलेख यांचं ग्रंथालय १९७० साली उभं राहिलं, तेव्हा निर्वासितांनी सोबत आणलेल्या पोथ्यांना एक पत्ता मिळाला. अशी स्वतःची संस्था प्रत्येक समाजाला जमत नाही. मग दुसऱ्याच्या संस्थेत ठेवायचं, पण लेखी कराराने: मालकी समाजाची राहील, समाजातल्या कुणालाही प्रत फुकट मिळेल, संमतीच्या अटी संस्थेवरही बंधनकारक असतील, आणि संस्था बंद झाली किंवा तिने विषय सोडला तर संग्रह कोणाकडे परत येईल, त्या तीन व्यक्तींची नावं करारात असतील. त्या तिघांपैकी निदान एक तिशीच्या आतला ठेवा.